नदीपलीकडचा कावळा

उचकी लागली की कोणीतरी आपली आठवण काढतंय, एवढं ज्ञान आपल्याकडे शाळेत जाण्यापूर्वीच मिळालेलं असतं. छाती आणि पोट यांच्यामधला पडदा एकदम आखडतो म्हणून उचकी लागते, हे शाळेत कळतं. पण तोवर उशीर झालेला असतो. शिवाय पडदा आखडतो हे कबूल, पण तो नेमका आत्ताच का आखडला? याचं उत्तर शाळेच्या पुस्तकात नसतं. ते आजीपाशी असतं.

माझं आजोळ केदारखेडा. जालन्याहून निघावं, राजूरच्या गणपतीला हात जोडावेत आणि भोकरदनकडे चालू लागावं, की वाटेत पूर्णेच्या काठी हे गाव लागतं. (जालना जिल्हा झाला १ मे १९८१ रोजी. त्याआधी आम्ही आजोळी जायचो ते औरंगाबाद जिल्ह्यात. गाव तेच, नदी तीच, धूळही तीच. पत्त्यात मात्र बदल झाला.) गावात तेव्हा फोन नव्हता. पत्र चार-सहा दिवसांनी यायचं. तार आली तर ती फोडण्याआधीच घरात रडारड सुरू व्हायची, कारण बारशाची तार कोणी करत नसे. ही तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली, आणि एका अर्थी देशातला सर्वात खात्रीचा अपशकुन सरकारनेच बंद केला. मग अशा गावात लेकीसुनांची खबरबात कळायची कशी? कळायची. आजीला उचकी लागायची, ओसरीच्या वळचणीला कावळा ओरडायचा, चुलीतला जाळ फुरफुरायचा, पाल चुकचुकायची. दळणवळणाची एवढी सोय असताना फोनची गरज आहे असं आजीला कधी वाटलं नाही.

उचकीचा नियम असा : एकेकाचं नाव घेत जायचं. ज्याच्या नावाला उचकी थांबली, त्याने आठवण काढली. आजी हा प्रयोग अगदी गंभीरपणे करायची. पहिलं नाव ठरलेलं – धाकटी लेक, म्हणजे माझी मावशी, जी लांब नागपूरकडे दिली होती. मग माझी आई. मग मोठी मावशी. मग मुंबईच्या गिरणीतला भाचा. मामांचं नाव कधीच नसायचं, कारण ते समोरच बसलेले असायचे. पुढे माझ्या लक्षात आलं की उचकी पुष्कळदा पहिल्या दोन-तीन नावांतच थांबायची. आणि नावांचा क्रम उचकी ठरवत नव्हती, आजी ठरवत होती. म्हणजे आठवण कोण कोणाची काढत होतं हा प्रश्नच होता. पण तो आजीला विचारण्याची माझी छाती नव्हती, आणि आज वाटतं, विचारून मिळवायचं तरी काय होतं?

तर सांगायचा मुद्दा असा की हे संदेशांचं एक अख्खं जग होतं आणि ते बेशिस्त मुळीच नव्हतं. त्याला नियम होते. डोळा फडफडला तर पुरुषाचा उजवा चांगला, बाईचा डावा. पाल अंगावर कुठे पडली तर काय, याचं कोष्टक पंचांगातच छापलेलं. भारद्वाज दिसला तर काम फत्ते. टिटवीने अंडी उंचवट्यावर घातली तर पाऊस फार, ओढ्याच्या तळाशी घातली तर कमी. हे सगळं कोणा भटक्या माणसाने चावडीवर बसून रचलेलं असेल अशी माझी समजूत होती. पण एकदा वराहमिहिराची ‘बृहत्संहिता’ हाती आली आणि कळलं की या खात्याचा कारभार फार मोठ्या माणसाकडे होता.

वराहमिहिर म्हणजे काही ऐरागैरा नव्हे. सहाव्या शतकातला, अवंतीचा. ‘पंचसिद्धान्तिका’ लिहून पाच-पाच ज्योतिषसिद्धान्तांचं गणित मांडणारा ज्योतिर्विद. त्याने ‘बृहत्संहिते’त शंभरावर अध्याय लिहिले आणि त्यांत ग्रहणापासून घराच्या दारापर्यंत सगळं घातलं. त्यात शकुनांचा एक मोठा विभाग आहे. कुत्र्याच्या वागण्याचा अध्याय वेगळा, कोल्हीच्या ओरडण्याचा वेगळा, गाईचा वेगळा, घोड्याचा वेगळा, हत्तीचा वेगळा आणि कावळ्याचा तर अर्थातच वेगळा. म्हणजे आजीची वळचण ही या विद्यापीठाची एक छोटीशी शाखा होती म्हणायची.

पण मला खरी गंमत वाटली ती त्याच्या मूलभूत नियमांची. त्याचं म्हणणं असं : माणसाने पूर्वजन्मी केलेल्या बऱ्यावाईट कर्माचं फळ पिकत आलं की निघालेल्या माणसाला ते शकुनातून दिसतं. म्हणजे कावळा काही घडवून आणत नाही, तो नुसता निरोप्या. ठीक. आता निरोप कोणत्या काळाचा? तर सूर्य दिवस-रात्रीच्या आठ प्रहरांत आठ दिशा फिरतो. सूर्याने नुकतीच सोडलेली दिशा ती अंगारिणी, म्हणजे निखाऱ्यांची. सूर्य जिच्यात आहे ती दीप्ता, जळती. ज्या दिशेला तो आता जाणार ती धूमिता, धुराची. उरलेल्या पाच शांता. निखाऱ्यांच्या दिशेने आलेला संकेत होऊन गेलेल्या गोष्टीचा, जळत्या दिशेचा चालू घटकेचा आणि धुराच्या दिशेचा पुढे होणाऱ्याचा. काय नेटकी मांडणी आहे पाहा! चुलीसमोर बसूनच सुचलेली असणार. या हिशेबाने आजीच्या कावळ्याचे निदान एक तृतीयांश निरोप पाहुणा येऊन, जेवून, निघून गेल्याचे असणार. तसं असेल तर घरातल्या बायकांना ते कावळ्याने सांगायची गरज नव्हती. भांडी बघून कळायचंच.

आणि मग येते ती यादी. कोणता संकेत मानायचा नाही, याची. रानातला प्राणी गावात आला असेल तर मानू नये. गावातला रानात गेला असेल तरी मानू नये. दिवसा फिरणारा रात्री ओरडला, रात्री फिरणारा दिवसा, तर सोडून द्यावं. जोडीत असलेला, रोगी, भ्यालेला, भांडायला उठलेला, मांसाच्या आशेने आलेला, माजावर आलेला – यांपैकी कोणाचाही शकुन धरू नये. आणि आपल्या व त्याच्यामध्ये नदी असेल तरीही नाही.

ही यादी मी दोनदा वाचली. मग पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. कारण इथे दीड हजार वर्षांपूर्वीचा एक माणूस सांगतो आहे, की बाबा रे, भुकेला कावळा ओरडतो तो भुकेसाठी. भ्यालेलं कुत्रं रडतं ते भीतीने. त्याचं त्याला काही कारण असेल, तर तो निरोप तुझ्यासाठी नाही. अख्ख्या शकुनविचारात मला हीच गोष्ट सर्वात शास्त्रीय वाटते. अडचण एवढीच, की भुकेला नाही, भ्यालेला नाही, जोडीदार शोधत नाही आणि भांडायलाही उठलेला नाही, असा कावळा केदारखेड्यात मला तरी कधी भेटला नाही. ही यादी काटेकोर पाळली तर शकुन उरतच नाही. वराहमिहिराच्या ते ध्यानात आलं नसेल, असं मला वाटत नाही. पण तो राजांसाठी लिहीत होता, आणि राजाला ‘शकुन नसतोच’ असं सांगण्यापेक्षा ‘हा शकुन धरण्याजोगा नाही’ असं सांगणं प्रकृतीला मानवतं.

नदीच्या नियमाने तर पूर्णेपलीकडचे सगळे कावळे एका फटक्यात बाद. शिवाय आणखी एक सवलत त्याने नोंदवली आहे : कोसभर पुढे गेलं की शकुन निष्फळ होतो असं काहींचं मत आहे. अंतर वाढलं की आवाज जसा विरतो, तसा अपशकुनही विरतो. कोस म्हणजे साधारण दोन मैल. मामांची बैलगाडी जालन्याच्या बाजाराला निघायची तेव्हा दारात मांजर आडवं गेलं, तरी त्याचा असर राजूर यायच्या कितीतरी आधी संपलेला असायचा! हे आजीला माहीत नव्हतं. ती मामांना परत बोलवून पाटावर बसवायची, गूळपाणी द्यायची आणि मग सोडायची. गूळपाणी वराहमिहिराच्या यादीत नाही. त्याच्याकडे प्राणायाम आहेत : पहिल्या अपशकुनाला पाच आणि सहा, दुसऱ्याला सोळा, आणि तिसराही झाला तर राजाने मुकाट्याने घरी परत यावं. बैलगाडी जुंपून उभी असताना सोळा प्राणायाम करायला मामा तयार झाले असते असं वाटत नाही. गूळपाणी बरं.

एक विचार मनात येतो. भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. तिथल्या दात्यांची नावं पार सांची आणि भरहुतच्या स्तूपांवर कोरलेली आहेत. भोकरदनच्या उत्खननात सापडलेली एक हस्तिदंती मूर्ती थेट इटलीतल्या पाँपेईत सापडलेल्या मूर्तीच्या घडणीची आहे. एवढ्या लांबचा व्यापार करणारे हे लोक घरून निघताना काय करत असतील? पाँपेईपर्यंतच्या वाटेवर मांजरं किती, कावळे किती, आणि नद्या किती! कोसाचा नियम त्यांच्याच कोणा हुशार पूर्वजाने काढला असावा असा मला दाट संशय आहे. दर मांजराला घरी परत आला असता, तर भोगवर्धनचा माल भोगवर्धनच्या वेशीबाहेर पडला नसता.

मांजराचं ठीक आहे हो. फार तर बाजार चुकतो. पण केदारखेड्यात एक संदेश असा होता की त्यावर घराचं वर्ष अवलंबून असे. तो पावसाचा.

त्याचा नियम पंचांगात आहे आणि तो गणिताचा आहे. सूर्य नव्या नक्षत्रात शिरला की सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचं, येईल त्या आकड्याला नवाने भागायचं आणि बाकी पाहायची. एक उरला तर घोडा, दोन कोल्हा, तीन बेडूक, चार मेंढा, पाच मोर, सहा उंदीर, सात म्हैस, आठ गाढव, आणि बाकी शून्य तर हत्ती. हे त्या नक्षत्राचं वाहन. बेडूक, म्हैस, हत्ती आले की पाऊस भरपूर. कोल्हा, मेंढा आले की कपाळाला हात. घोडा आला तर पाऊस डोंगरात. तर्क सरळ आहे : ज्याला पाणी आवडतं त्याच्या पाठीवर पाऊस येतो. पाडव्याला गुरुजी वाचून दाखवायचे आणि सगळी ओसरी कान देऊन ऐकायची. मृगाला म्हैस आली तर आजी खऱ्या म्हशीकडेही कौतुकाने बघायची.

माझी तक्रार एकच आहे. वराहमिहिराच्या कावळ्याला अटी होत्या. या बेडकाला एकही नाही. महाबळेश्वरला तोच बेडूक, मुंबईला तोच, आणि केदारखेड्यालाही तोच. कोकणात जो पाऊस एका नक्षत्रात पडतो तेवढा आमच्याकडे अख्ख्या हंगामात पडला तरी लोक पेढे वाटतील. नदीचा नियम नाही, कोसाचा नियम नाही. ज्याने हे गणित बसवलं त्याला भागाकार येत होता, पण त्याला बी विकत घ्यावं लागत नसावं.

मृगाच्या आसपास आणखी एक संदेशवाहक यायचा : पावशा. हा पक्षी ‘पेरते व्हा, पेरते व्हा’ असं ओरडतो, हे महाराष्ट्रात कोणालाही विचारा. अगदी शब्द स्पष्ट ऐकू येतात. आता पक्षिशास्त्रज्ञ सांगतात की तो विणीचा हंगाम असतो आणि नर मादीला साद घालत असतो. म्हणजे माजावर आलेला! वराहमिहिराच्या यादीप्रमाणे साफ बाद. त्याचं ‘पेरते व्हा’ आपल्यासाठी नाहीच. त्याचं त्याला काम आहे.

१९७२ साली मी आठ वर्षांचा होतो. त्या वर्षीही पावशा ओरडला असणार, कारण तो ओरडतोच. मामांनी पेरलं. उगवलं, वीतभर झालं आणि करपलं. पुन्हा उसनवारी करून पेरलं, तेही गेलं. दिवाळीत आजोळी गेलो तर गोठ्यात एकच बैल होता. दुसऱ्याविषयी कोणी बोलत नव्हतं. अमेरिकेतून आलेली लाल मिलो ज्वारी रेशनवर मिळायची, तिची भाकरी थापताना आजी पहिल्यांदाच देवाचं नाव न घेता भाकरी थापत होती. शाळेत सुकडी वाटायचे. मामा-मामी सरकारी कामावर खडी फोडायला जायचे. गावातले पाटीलही शेजारी बसून फोडायचे, तेवढाच त्या वर्षी समाजवाद. मी मामांना विचारलं की पावशा तर पेरा म्हणाला होता ना? मामांनी हातोडी बाजूला ठेवली आणि म्हणाले, “भाच्या, त्याला काहून दोष देतू? त्याला काय बी इकत घ्यावं लागतंय का?”

मामांना माहीत नव्हतं, आणि त्या वर्षी कोणालाच नीट सांगता आलं नसतं, की निरोप खरोखरच आला होता. फक्त तो पूर्णेच्या नव्हे, पॅसिफिक महासागराच्या पलीकडे आला होता. पेरूच्या किनाऱ्यावर समुद्राचं पाणी नेहमीपेक्षा तापलं होतं. तिथल्या कोळ्यांना ही गोष्ट पूर्वापार ठाऊक; नाताळच्या सुमारास ती येते म्हणून ते तिला ‘एल निनो’, म्हणजे बाळ येशू म्हणतात. १९७२ मध्ये हे बाळ चांगलंच दांडगं होतं. पेरूत मासळी बुडाली, इकडे आमचा बैल गेला. पेरूचा कोळी आणि केदारखेड्याचे मामा यांच्यात काय नातं? आजीने हे ऐकलं असतं तर ती म्हणाली असती, “हेच तर मी सांगते!”

हे नातं शोधायला सुरुवात करणारा माणूस गिल्बर्ट वॉकर. भारताचं हवामान खातं १८७५ मध्ये स्थापन झालं. लगेचच १८७६ ते ७८ चा भयंकर दुष्काळ पडला. खात्याचे पहिले प्रमुख ब्लॅनफर्ड यांनी हिमालयातल्या बर्फावरून पावसाचा अंदाज बांधायला घेतला आणि १८८६ मध्ये पहिला अंदाज प्रसिद्ध केला. म्हणजे टिटवीच्या अंड्यांच्या जागी बर्फ आलं. वॉकर १९०४ मध्ये प्रमुख झाले. हे मूळचे केंब्रिजचे गणिती. बूमरँग फेकण्याचा भारी नाद. हवामानशास्त्राशी पूर्वी फारसा संबंध नव्हता, त्यामुळे त्यांनी एक बरं केलं : कारण कळत नाही तर निदान आकडे तरी जुळवू या म्हणाले. जगभरच्या ठिकाणांचे वायुभार, तापमान, पाऊस मागवले आणि आपल्या कचेरीतल्या भारतीय कारकुनांना गुणाकार-भागाकाराला बसवलं. त्यातून १९२०च्या दशकात कळलं ते असं की पॅसिफिकच्या एका टोकाला हवेचा दाब चढला की हिंदी महासागराच्या बाजूला उतरतो, झोपाळ्यासारखा. तो आपल्या पावसाला हलवतो. समुद्र तापण्याशी याची गाठ नक्की बसली १९६९ मध्ये, ब्यर्कनेस यांच्या हातून. आमच्या दुष्काळाच्या अवघी तीन वर्षं आधी.

पण वॉकर मला आवडतात ते दुसऱ्याच गोष्टीसाठी. १९१४ मध्ये त्यांनी दाखवून दिलं, की तुम्ही पुष्कळ संकेत एकदम तपासायला घेतलेत तर त्यांतला एखादा निव्वळ योगायोगानेच फार छान जुळणार. म्हणून जितके जास्त संकेत तपासाल तितकी कसोटी कडक लावा. आपल्याच धंद्याला लावलेली ही कात्री! माजावरचा पावशा धरू नये असं सांगणाऱ्या वराहमिहिराशेजारी मी वॉकरसाहेबांना पाट मांडून बसवला आहे.

पुढे १९८८ मध्ये वसंत गोवारीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सोळा घटकांचं सूत्र आणलं. त्यात हिमालयाचं बर्फ होतं, एल निनो होता, इथले वारे, तिथला दाब असं सगळं होतं. नऊ वाहनांच्या जागी सोळा. मराठी माणसाने केलेलं, त्यामुळे आम्हांला अभिमान. आणि खरंच, त्यानंतर तेरा वर्षं देशाचा पाऊस सरासरीच्या आसपास राहिला. १९९७ मध्ये शतकातला बलाढ्य एल निनो आला, सगळ्यांनी श्वास रोखले; आणि देशभर पाऊस सरासरीहून थोडा जास्तच झाला. बहुधा मध्ये नदी असावी. मग आलं २००२. सूत्र म्हणालं, सरासरीच्या १०१ टक्के. पडला ८१ टक्के. जुलै महिना तर असा कोरडा गेला की नोंदी ठेवणारेही चकित झाले. दुसऱ्याच वर्षी खात्याने सूत्र बदललं. यात मला काही लाजिरवाणं वाटत नाही. उलट असं वाटतं की बेडूक इतकी वर्षं चुकतो आहे, पण पंचांगातून त्याला काढून टाकल्याचं मी अजून ऐकलेलं नाही.

फक्त एक गोष्ट त्या सोळा घटकांनाही सांगता येत नव्हती आणि आताच्या मोठमोठ्या संगणकांनाही ती सांगताना जड जातं. देशाची सरासरी ८७ सेंटीमीटर. तिच्या १०१ टक्क्यांतला केदारखेड्याच्या वाट्याचा किती, आणि तो पेरणीनंतरच्या पंधरवड्यात पडणार की गणपतीत? शंभर टक्के पाऊस पडलेल्या वर्षातही दुबार पेरणी करणारी माणसं असतात, आणि त्यांचं बियाणं सरासरीने उगवत नाही.

मामा आता ऐंशीच्या घरात आहेत. शेत मामेभाऊ बघतो. त्याच्या मोबाइलवर रोज हवामानाचा अंदाज येतो, तालुक्याचासुद्धा येतो. गेल्या जूनमध्ये मी तिथे होतो. पाऊस एकदा येऊन गेला होता. गावात काहींनी तिफणी बाहेर काढल्या होत्या. मामेभावाने ओसरीवर बसून मोठ्याने वाचलं, “मराठवाड्यात तुरळक ठिकाणी मेघगर्जनेसह हलका ते मध्यम पाऊस.” आता तुरळक हा काही मोघम शब्द नाही. त्याची खात्याने व्याख्या केलेली आहे. चारांतल्या एका ठिकाणापर्यंत पाऊस पडला तर ते तुरळक. मी मामांना ते समजावून सांगितलं. मामांनी शांतपणे ऐकून घेतलं, पान लावलं आणि विचारलं, “मंग आपलं गाव तुरळकात येतंय का न्हाई?”

त्यावर आम्ही दोघं गप्प बसलो. मामांनी काठी घेतली, टोपी घातली आणि बांधापर्यंत गेले. वाकून मातीत बोटं खुपसली, चार जागी. परत येऊन हात धुतले आणि मामेभावाला म्हणाले, “दोन पेरं ओल हाये. वीतभर होऊ दी.” पावशा तिकडे नदीच्या पलीकडे ओरडतच होता.